चार अंशांची रात्र

दुपारीच वहिनीने ओट्यावर फॉइलचा रोल उलगडला,
तेजसच्या केटरिंगमधून उरलेला, नाशिकरोडचा,
एका टोकाला हळदीचं बोट.
हातभर तुकडा. त्यावर तेल.
तळाला कांद्याच्या जाड चकत्या,
जळायचं ते कांद्याने जळावं म्हणून.
मग बटाटा, गाजर, लसणाची हिरवी पात
आणि सकाळपासून काळ्या मसाल्यात मुरलेलं मटण,
बोटाच्या पेराएवढे तुकडे.
घडी, उलटी घडी, कडा दाबून बंद.
वरून आणखी एका फॉइलचा अंगरखा.

सात पुड्या. आम्ही सहा.
सातवी कोणाची, विचारलं तर म्हणाली,
येईल त्याची.

खुणाही तिच्याच.
एक कान पिळलेली यादव भोयेची, झणझणीत.
दोन कानांची माझी, पित्ताची.
चपटी, चौकोनी गुलाबरावांची:
ते मार्गशीर्ष पाळतात,
म्हणून त्यांना सुरण, मटार, वालाच्या शेंगा,
मसाला मात्र तोच.

उगावच्या शिवारात अकरा वाजता पारा सहावर.
मण्यांत नुकतं पाणी उतरू लागलंय,
अशा वेळी थंडी त्यांची साल तडकवते.
बांधाबांधाला छाटणीच्या काड्या पेटवल्या,
धूर मांडवाखाली आडवा झाला
आणि तिथेच राहिला, पाहुण्यासारखा.

निखारे बाजूला ओढून त्यांवर पुड्या मांडल्या.
यादव काठीने उलटत होता.
आमच्या सुरगाण्याकडं, म्हणाला,
मासे पळसाच्या पानात घालतो.
पान जळतं, पण जाता जाता वास देऊन जातं.
हा पत्रा काय देतो?
कोणी म्हटलं, बिबट्याला पत्ता देतो.
हसलो सगळे,
आणि एकेकाने हळूच मागे उसाकडे बघितलं.

आतून आवाज यायला लागला,
झाकल्या तोंडाने कोणी बोलावं तसा.
काठीच्या टोकाने कान कधीच चपटे झाले होते,
चौकोन फुगून गोल.
राखेत सात सारख्याच चांदण्या.

गुलाबरावांनी हाताला आली ती उघडली.
वाफ चष्म्यावर.
काही क्षण ते तसेच बसले,
मग नाकाने ओळखलं
आणि कडा पुन्हा मिटल्या, नखाने दाबून,
दुसऱ्याचं पत्र चुकून फोडल्यावर
मिटावं तशा.
"ही कोणाची तरी आहे," एवढंच म्हणाले.

त्यांची माझ्याकडे होती.
सुरणाचा अर्धा तुकडा मी खाल्ला होता,
तोवर वाटत होतं,
मटण काय मऊ शिजलंय.

दोनला लाईट गेली. पंप थांबला.
पाणी थांबलं की जमीन गार पडते,
मग फक्त धुराच्या भरवशावर राहायचं.
फोन लावला. तासाभराने वायरमन आला,
इर्शाद, मफलरमधून नुसते डोळे,
डीपीवर चढला, उतरला,
बोटं शेकोटीवर धरून म्हणाला,
काय शिजतंय?
सातवी राखेत होती, कोमट.
उभ्यानेच खाल्ली त्याने,
शेवटी फॉइलच्या सुरकुत्यांतला रस
तर्जनीने पुसून घेतला.
"मटण कुठलं?" त्याने आधीच विचारलं होतं.
"तुमच्याच मुनीरभाईचं."
मगच घास घेतला.

पहाटे पारा चारवर.
नंतर चढला, कंटाळून चढावा तसा.

उजाडल्यावर यादव फॉइलचे तुकडे गोळा करत होता,
ठिबकच्या नळीत अडकतात म्हणून.
एक त्याने गुडघ्यावर सपाट केला,
आकाश धरून बघितलं त्यात, चुरगळलेलं,
आणि खिशात ठेवला. पोरीला.

घरी गेलो तर वहिनी चुलीशी.
बागेचं विचारलं नाही तिने आधी.
"बटाटे शिजले होते का?"
"कडेचे तेवढे कच्चे राहिले."
"आणि मणी?"
मी चहाचा कप घेतला,
तो दोन्ही हातांत धरून बसलो.
"कडेचे तेवढे," म्हटलं.